कोल्हापूरचा मेस्त्री आणि ‘सावकारी पाश’

बाबूराव पेंटर यांचे नाव निघाले की लोकांना त्यांचा कुंचला आठवतो. आम्हा कामगारांत वावरणाऱ्यांना मात्र त्यांचे मूळ आडनाव अधिक जवळचे वाटते. ते आडनाव मेस्त्री. १८९० साली कोल्हापुरात जन्मलेला हा माणूस नाटक कंपन्यांचे पडदे रंगवीत हाताने शिकला. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला आणि बाबूराव व त्यांचे जोडीदार आनंदराव पेंटर यांना सिनेमाचे वेड लागले. कॅमेरा विलायतेहून आणावयाचा, ही त्या काळची रीत. या दोघांनी तो कोल्हापुरातच घडवावयाचा निश्चय केला. आनंदराव १९१६ साली वारले. पुढे विष्णुपंत दामल्यांच्या साहाय्याने बाबूरावांनी तो पुरा केला. महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल दिले ते तानीबाई कागलकर या गायिकेने. हे नाव इतिहासात उगीचच बारीक अक्षरांत छापले जाते.

१९२० साली ‘सैरंध्री’ पुण्यात लागला आणि लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरविले. या चित्रपटात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या होत्या. १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा प्रयोग केला. चित्रपटांची भित्तिपत्रकेही ते स्वतः रंगवीत.

परंतु आम्हाला थांबावयाचे आहे ते १९२५ च्या ‘सावकारी पाश’पाशी. कथा नारायण हरी आपट्यांची; शेतकरी झाले होते तरुण शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहराची वाट धरतो आणि गिरणीत मजूर होतो. देवदेवता नि राजेरजवाडे यांनी भरलेल्या पडद्यावर हा माणूस प्रथमच आला असे म्हणावयास हरकत नाही. त्याच वर्षी मुंबईच्या गिरणी कामगारांनी साडेअकरा टक्के पगारकपातीविरुद्ध दीर्घ संप केला. चंदगड तेव्हा बेळगाव जिल्ह्यात होते. पण जिल्हा कोणताही असो, शेतावरून गिरणीकडे जाणारी वाट आपल्या माणसांना परकी नव्हती.

चित्रपट चालला नाही. प्रेक्षकांना चमत्कार हवे होते. बाबूराव पुन्हा पोशाखी कथांकडे वळले, याबद्दल त्यांना दोष देणे आम्हाला जमत नाही; कंपनीतल्या माणसांचे पगार तिकीटखिडकीतूनच निघत. १९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम बाहेर पडले व त्यांनी ‘प्रभात’ काढली. १९३६ साली बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ पुन्हा, या वेळी बोलपट म्हणून, केला. एकदा पडलेली गोष्ट माणूस दुसऱ्यांदा उगीच सांगत नाही. नंतर ते चित्रकलेत व शिल्पात रमले. १९५४ साली निवर्तले.

मूळ मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. जे. बी. एच. वाडियांनी तो पाहिला होता. पुष्कळ वर्षांनंतरही त्यांच्या ध्यानात राहिली होती ती मंद प्रकाशातली एक उदास झोपडी आणि तिथे रडणारे एक कुत्रे.