आमच्या बूथचा आकडा

निवडणुकीचा इतिहास म्हटला की निवडून आलेल्यांची यादी पुढं येते. गळ्यात हार, वर गुलाल. मी लिहितोय तो इतिहास कागदाच्या एका ओळीत मावतो. त्या कागदाला सरकारी भाषेत नमुना 20 म्हणतात. लोकसभेचा निकाल लागला की विधानसभेगणिक आणि त्यातल्या प्रत्येक मतदान केंद्रागणिक कुणाला किती मतं पडली, ते त्यात लिहिलेलं असतं. मी जिनिंगमधला कामगार. कॉलेजची पायरी चढलो नाही. पण हा कागद वाचायला शिकलो. का शिकलो, ते पुढं येईल.

आधी मोठे आकडे घेऊ. परभणी लोकसभेत आज सहा विधानसभा आहेत. जिंतूर, परभणी, गंगाखेड, पाथरी ह्या आपल्या जिल्ह्यातल्या. परतूर आणि घनसावंगी जालन्यातल्या. परतूर तालुका आधी परभणीतच होता, 1981 ला जालना जिल्हा झाला तेव्हा तिकडं गेला. 1999 ला हिंगोली वेगळी निघाली. सरकार नकाशावर रेघा मारतं. माणसं आहेत तिथंच राहतात, त्यांची मतं तेवढी या ढिगातून त्या ढिगात जातात.

पहिली निवडणूक 1952 ची. निजामाचं राज्य जाऊन चार वर्षं होत नव्हती, परभणी हैदराबाद राज्यात होती. इथून शेतकरी कामगार पक्षाचे नारायणराव वाघमारे दिल्लीला गेले. त्या साली अख्ख्या देशात शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनचे दोनच खासदार आले. एक सोलापूरहून पां. ना. राजभोज, दुसरे करीमनगरहून एम. आर. कृष्णा. करीमनगर तेव्हा आपल्याच हैदराबाद राज्यात होतं. खुद्द बाबासाहेब मुंबईत पडले. नारायणराव काजरोळकरांनी त्यांना 14 हजारांवर मतांनी मागं टाकलं. ज्यानं संविधानाचा मसुदा केला, त्याला त्याच संविधानाच्या पहिल्या निवडणुकीत मतं कमी पडली. हे आपण विसरायचं नाही.

आजी तिच्या मायचं सांगते. "मही माय म्हनायची, तवा शिक्का न्हवता. ज्याची त्याची पेटी, पेटीवर चित्तर. कागद घ्यायचा, पडद्याआड जायचं, पाहिजे त्या पेटीत टाकायचा. तिथं पाटील न्हाई, मालक न्हाई, नवराबी न्हाई."

मला हे फार मोठं वाटतं. गावकीची कामं करणारी बाई, जिच्याकडं गाव उठता-बसता पाहत होतं, ती जन्मात पहिल्यांदा कुणाला न दिसता काहीतरी ठरवत होती. गुप्त मतदान म्हंजे काय ते मी त्या पडद्यावरून शिकलो.

पुढची वर्षं भरभर सांगतो. 1962, 1967, 1971 तिन्ही वेळा काँग्रेसचे शिवाजीराव देशमुख. 1977 ला पुन्हा शेकाप, शेषराव देशमुख. मग 1978 उजाडलं. 27 जुलैला विधिमंडळात विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि मराठवाडा पेटला. पेटला म्हंजे आपली घरं पेटली. त्यानंतर दीड वर्षानं, जानेवारी 1980 ला, लोकसभेचं मतदान आलं. ज्यांची घरं जळाली ते आणि जाळणारे एकाच गावच्या यादीत. निकालात काय दिसतं? रामराव यादव, इंदिरा काँग्रेस, विजयी. बस. एवढ्या मोठ्या आकड्यात जळालेल्या घराचं मत कुठं गेलं ते दिसत नाही. 1989 ला ही जागा अशोक देशमुखांनी शिवसेनेकडं नेली, आणि 1998 ला काँग्रेसचे सुरेश वरपूडकर आले तेवढी एक वेळ सोडली, तर ती सेनेकडंच राहिली. 2024 ला उद्धव ठाकऱ्यांच्या सेनेकडं.

मोठा आकडा आपल्याला झाकतो. झाकणं वाईटच, असं मी समजायचो. मग लहान आकडा भेटला.

कागदी मतपत्रिका होत्या तेव्हा मोजणीआधी निरनिराळ्या केंद्रांच्या मतपत्रिका एकत्र मिसळायची तरतूद नियमांत होती. कुठल्या वस्तीनं कुणाला दिलं ते कळू नये, कळून कुणाला त्रास होऊ नये, म्हणून. 2004 पासून लोकसभेचं सगळं मतदान यंत्रावर आलं. यंत्र केंद्रागणिक वेगळं. मोजायच्या टेबलावर एकेक यंत्राचा आकडा निघतो आणि पक्षांची माणसं तो वहीत टिपून घेतात.

आमच्या गावात शाळेच्या दोन खोल्यांत दोन केंद्रं. एका खोलीत गाव, एका खोलीत वस्ती. त्या साली मे महिन्यात निकाल लागला. दोन दिवसांनी एक माणूस मोटारसायकलवर वस्तीत आला. खिशातून वहीचं पान काढलं. "तुमच्या खोलीतून आम्हाला काय पडलं ते बघा," म्हणाला. बोटावर मोजण्याइतकी होती. शिवी दिली नाही, हात उगारला नाही. पान घडी घालून गेला. त्या दिवसापासून पाण्याचा टँकर गावात यायचा आणि वस्तीकडं वळायचा नाही. पाऊस पडेपर्यंत बायांनी दुसऱ्याच्या विहिरीवर हात जोडले.

पडदा होता. कुणी कुणाचं मत पाहिलं नव्हतं. पण माणूस झाकला, वस्ती उघडी पडली.

यावर उपाय नाही असं नाही. निवडणूक आयोगानं 2008 लाच सुचवलं होतं की 14 केंद्रांची यंत्रं जोडून एकच बेरीज काढायची. टोटलायझर म्हणतात त्याला. 2015 ला विधी आयोगानंही तेच सांगितलं. सरकारनं मानलं नाही. बूथचा आकडा पक्षांना लागतो. कशाला लागतो ते आमच्या टँकरला विचारा.

आता माझी अडचण सांगतो. मला स्वतःलाच लहान आकड्याची ओढ आहे. 2019 ला परभणीत संजय जाधव 42,199 मतांनी आले. वंचितच्या आलमगीर खानांना 1,49,946 मतं होती. 2024 ला जाधवच, महादेव जानकरांवर 1,34,061 मतांनी. वंचितचे पंजाबराव डख 95,967 वर थांबले. त्या पाच वर्षांत आपल्या माणसानं काय विचार केला? कुठल्या वस्तीचं मन वळलं, कुठलं अडून राहिलं? हे फक्त बूथच्या ओळीत सापडेल. बेरीज मिसळली की 1980 सारखंच होणार, आपण पुन्हा दिसेनासे.

इतिहास लिहायचा तर आकडा उघडा पाहिजे. पाणी पाहिजे तर आकडा झाकलेला पाहिजे. मी लई दिवस यावर अडलो.

10 डिसेंबर 2024 ला परभणीत बाबासाहेबांच्या पुतळ्यापुढची संविधानाची प्रतिकृती फोडली गेली. दुसऱ्या दिवशी शहर पेटलं, धरपकड झाली. 15 तारखेला सोमनाथ सूर्यवंशी न्यायालयीन कोठडीत असताना गेले. तेव्हा माझं ठरलं. जिथं ओळखू येणं एवढं महाग पडतं, तिथं आधी वस्ती झाका. मतं मिसळा. इतिहास लिहायला आमची तोंडं आहेत. आकड्याला जे सांगता येत नाही ते आजी सांगते, मी लिहून घेतो.

तिला मी हे सगळं समजावून सांगितलं. ती म्हणाली, "मत मह्यं हाय ना? मंग तेच्या खिशात कसं गेलं?"