पडद्यावरची माय-लेक



दादासाहेब फाळके यांनी 1912 साली लंडनला जाऊन चित्रपटाचे तंत्र शिकून घेतले आणि 3 मे 1913 रोजी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' प्रदर्शित केला. त्या वेळी पडद्यावर यायला स्त्री तयार होईना, म्हणून तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुषाने केली. पुढे अवघ्या तेरा वर्षांनी, 1926 साली, फातमा बेगम यांनी स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. भारतातील पहिल्या स्त्री-दिग्दर्शक त्याच. त्यांची कन्या जुबेदा 14 मार्च 1931 रोजी झळकलेल्या 'आलम आरा' या देशाच्या पहिल्या बोलपटाची नायिका झाली.

परंतु खेदाची गोष्ट अशी की, या दोन्ही चित्रपटांची एकही प्रत आज उपलब्ध नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते 1964 मध्ये. तोवर फार उशीर झाला होता.

जे जपले जात नाही, ते विसरले जाते. म्हणून बीड जिल्ह्यातील पालकहो, घरातील जुनी कागदपत्रे व छायाचित्रे रद्दीत घालू नका. आणि मुलीच्या अंगचा हुन्नर 'हे तिचे काम नव्हे' म्हणून दडपू नका. विद्यार्थ्यांनो, आजीकडून ऐकलेले आजच वहीत उतरवा.