भिंतींच्या पोटातील चोरखोल्या

सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात इंग्लंडमधील कॅथलिक जमीनदारांच्या वाड्यांत, भिंतींच्या पोटात, जिन्यांखाली आणि धुराड्यांच्या आडोशाला ज्या चोरखोल्या बांधल्या गेल्या, त्या पुढे ‘प्रीस्ट होल’, म्हणजे धर्मगुरूंना दडवण्याच्या जागा, या नावाने ओळखल्या जाऊ लागल्या. मौल्यवान वस्तूंसाठी गुप्त कप्पे करण्याची रीत तेथे जुनीच होती. त्या कप्प्यांत माणूस लपवण्याची वेळ मात्र राज्याच्या कायद्यांनी आणली.

१५५९ मध्ये राणी पहिली एलिझाबेथ हिच्या राजवटीने इंग्लंडच्या चर्चवरील पोपची सत्ता अमान्य केली, आणि १५७० मध्ये पोप पाचवे पायस यांनी तिला बहिष्कृत करून प्रजेला तिच्या आज्ञापालनातून मुक्त केल्याचे जाहीर केले, तेव्हा कॅथलिक असणे आणि राजद्रोही असणे यांतील अंतर राज्यकर्त्यांच्या दृष्टीने उरले नाही. राजद्रोहाची ही भीती अगदीच निराधार नव्हती, आणि एलिझाबेथच्या आधीची कॅथलिक राणी मेरी हिने शेकडो प्रोटेस्टंटांना जिवंत जाळले होते, हेही विसरता येत नाही. तरीही १५८५ च्या कायद्याने ज्या टोकाला मजल मारली, तिचे समर्थन होऊ शकत नाही. परदेशी धर्मगुरुपदाची दीक्षा घेतलेल्या इंग्रजाने मायदेशात नुसते आढळणे हाच या कायद्याने राजद्रोह ठरवला, आणि त्याला आसरा देणाऱ्यासही देहदंड सांगितला. यॉर्कमधील मार्गारेट क्लिदरो या गृहिणीवर धर्मगुरूंना आसरा दिल्याचा आरोप आला आणि तिने न्यायालयात उत्तर देण्यास नकार दिला, म्हणून १५८६ मध्ये तिला वजनाखाली चिरडून मारण्यात आले.

याच छळाच्या काळात इंग्लंड सोडून रोममध्ये जेझुइट या कॅथलिक धर्मसंघात दाखल झालेला थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यास पोहोचला आणि मराठीत ‘क्रिस्तपुराण’ रचून गेला. मायदेशी परतणाऱ्या त्याच्या संघबंधूंच्या वाट्याला मात्र या चोरखोल्या आल्या.

आरंभीच्या जागा ओबडधोबड होत्या. १५८१ मध्ये लायफर्ड ग्रेंज येथे जेझुइट धर्मगुरू एडमंड कॅम्पियन जिन्यालगतच्या पोकळीत लपला असता, फटीतून दिसलेल्या उजेडामुळे ती जागा फोडली गेली आणि डिसेंबरमध्ये टायबर्न येथे त्याला फासावर चढवण्यात आले. झडतीवाले खोल्यांची आतून-बाहेरून मापे घेत, भिंती ठोकून पोकळ आवाज ऐकत आणि भिंतींवरचे लाकडी अस्तर उचकटत. त्यामुळे लपणाऱ्यांना या प्रत्येक युक्तीवर उत्तर शोधणे भाग पडले.

ते उत्तर निकोलस ओवेन या ऑक्सफर्डच्या सुतारपुत्राने दिले. जेझुइटांचा प्रमुख हेन्री गार्नेट याच्या सेवेत तो सुमारे अठरा वर्षे होता. ठेंगणा असल्यामुळे त्याला ‘लिटल जॉन’ म्हणत. दिवसा तो घरातले उघड सुतारकाम करी आणि रात्री एकट्याने दगड फोडून चोरखोली तयार करी, जेणेकरून घरच्या नोकरांनाही तिचा पत्ता लागू नये. कोणत्याही दोन जागा त्याने सारख्या केल्या नाहीत, आणि त्यामुळेच एकीचे रहस्य फुटले तरी दुसरीला धोका पोहोचत नसे. वुस्टरशायरमधील हार्विंग्टन हॉलमध्ये एक खांब आसावर फिरवून आत शिरण्याची जी वाट आहे, ती त्याच्याच हातची मानली जाते.

राजासह पार्लमेंट सुरुंगाने उडवण्याचा काही कॅथलिकांचा कट १६०५ मध्ये उघडकीस आल्यानंतर, जानेवारी १६०६ मध्ये, वुस्टरशायरमधीलच हिंडलिप हाउसला वेढा पडला. ओवेन आणि त्याचा सोबती राल्फ ॲशली काही दिवस एका सफरचंदावर तग धरून अखेर बाहेर पडले आणि पकडले गेले. गार्नेट आणि त्याचा संघबंधू एडवर्ड ओल्डकॉर्न पाय पसरण्यासही जागा नसलेल्या दुसऱ्या खोलीत आठ दिवस राहिले, आणि लगतच्या दालनातून धुराड्यातून आत घातलेल्या नळीवाटे त्यांना पातळ अन्न पोहोचवले जात होते. दोघेही पुढे फासावर गेले.

ओवेनच्या ज्ञानाचे मोल सरकार पुरते ओळखून होते. आधीच अंतर्गळाचा विकार असलेल्या त्या माणसाला हातांनी टांगून छळण्यात आले, वास्तविक अशा रुग्णाला छळणे तेथील रीतीलाही धरून नव्हते, आणि मार्च १६०६ च्या आरंभी टॉवर ऑफ लंडनमध्ये तो मरण पावला. त्याने आत्महत्या केली असे सरकारने जाहीर केले. पण छळाचा क्रम पाहता हा खुलासा विश्वासार्ह वाटत नाही. त्याने एकाही चोरखोलीचा ठावठिकाणा सांगितला नाही. १९७० मध्ये कॅथलिक चर्चने त्याची संत म्हणून घोषणा केली.