रात्र कुणाची?

इतिहासाच्या पुस्तकांत काळ राजांच्या नावाने मोजतात. आमच्या घरात तो येसकरपाळीने मोजला जाई. आजोबांची पाळी आली की त्यांची रात्र वेशीत जायची. पाटलाची हाक हेच त्यांचे घड्याळ. महार वतनाला कामाचे तास नव्हते. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात वतनसुधारणेचे विधेयक मांडले, तेव्हा त्यांनी नेमके याच दुखण्यावर बोट ठेवले. वतनदार चोवीस तास बांधलेला, आणि तो हजर नसेल तर घरातल्या दुसऱ्या माणसाने राबायचे. १६ डिसेंबर १९३९ रोजी आपल्याच जिल्ह्यात, हरेगावला, वतनदार महार-मांगांची परिषद बाबासाहेबांच्या उपस्थितीत भरली. ही वतने कायद्याने जायला १९५८ साल उजाडावे लागले.

हे आधी सांगण्याचे कारण असे की मला कांताबाई सातारकरांविषयी लिहायचे आहे. तमाशाचा विचार करताना आपण लावणी पाहतो, शृंगार पाहतो. पण ज्या मालावर हा कलावंत काम करतो तो माल म्हणजे वेळ, याकडे लक्ष देत नाही. गण, गौळण, बतावणी, रंगबाजी आणि मग वग. गण सुरू होई तेव्हा माणसे अजून बैलगाड्या सोडीत असत आणि वग संपे तेव्हा पूर्व उजळलेली असे. एवढी रात्र हजारो माणसांसमोर पेलायची. कुठे ढोलकी चढवायची, कुठे सोंगाड्याने लांबण लावायची, पेंगणारी माणसे कोणत्या सवालाने जागी करायची, हे हिशेब कोणत्याही वहीत नव्हते. ते हाताच्या थापेत आणि घशात होते.

कांताबाईंचा जन्म १९३९ सालचा, गुजरातेत, खडी फोडणाऱ्या मजुरांच्या घरातला. पोरवयातच त्या फडात आल्या. पुढे तुकाराम खेडकरांच्या फडात त्यांची आणि खेडकरांची जोडी गाजली. बाईने बोर्डावर शिवाजी महाराज उभे केले आणि लोकांनी ते मानले. १९६४ साली खेडकर वारले. त्यानंतर पदरी लेकरे असताना या बाईने स्वतःचा फड उभा केला आणि संगमनेर हे आपले गाव केले. मुलगा रघुवीर खेडकर यांनी तो फड पुढे चालवला.

म्हणजे ज्यांची रात्र गावकीची होती, त्यांच्यातल्याच माणसांनी गावाला रात्रभर आपल्या तालावर बसवले. हे वाक्य लिहिताना मला अभिमान वाटतो. पण आपण इथेच थांबलो तर स्वतःची फसवणूक करू. फडातल्या कलावंताने हंगामाआधीच मालकाकडून उचल घेतलेली असते. पुढचे सात-आठ महिने त्याने आधीच विकलेले असतात. आपल्या जिल्ह्यातल्या ऊसतोड्याला हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. विठाबाई नारायणगावकर तमाशा चालू असताना बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, ही हकीकत आपण कलेची निष्ठा म्हणून सांगतो. मी विचारतो, बाळंतपणाचा वेळसुद्धा जिचा स्वतःचा नव्हता तिच्या निष्ठेचे कौतुक करणारे आपण कोण? तिला रजा कोण देणार होते?

चळवळीने तमाशाकडे संशयाने पाहिले, त्याचे मूळ इथे आहे. बाईच्या देहावर चालणारा पैसा आपल्याला नको होता. म्हणून भीमराव कर्डकांसारख्यांनी आंबेडकरी जलसे उभे केले. ढोलकी तीच, बतावणी तीच. रात्र मात्र प्रबोधनाला दिली. तो मार्ग बरोबरच होता. पण जलसा घेताना आपण फडातल्या माणसांना मागे सोडले, हेही खरे. त्यांचे शोषण दिसले, त्यांचे कसब दिसले नाही.

पुढे रात्रच आखूड झाली. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद झाले. वर्षातल्या मोजक्या दिवशी बारापर्यंत सवलत. नियम रास्त आहे, आजाऱ्याला झोप हवीच. पण पहाटेपर्यंत चालणारा वग तीन तासांत कोंबताना पहिला बळी वगाचाच गेला आणि गाण्यांची भेळ उरली. मग २०२० आणि २०२१ अशा दोन हंगामांत जत्राच भरल्या नाहीत. उचल फिटायची कशी, हे विचारायला कुणी आले नाही. त्याच काळात, २५ मे २०२१ रोजी, कांताबाई संगमनेरात कोरोनाने गेल्या.

त्यांचे नाव तरी उरले. त्यांच्यामागे बसून ढोलकी, हलगी, तुणतुणे वाजवणाऱ्यांची नावे कुणाकडे आहेत? विद्यार्थी मित्रांनो, प्रबंधाला विषय शोधत लांब जाऊ नका. आपल्या तालुक्यातल्या म्हाताऱ्या ढोलकीवाल्याकडे जा. त्याच्या रात्रींचा हिशेब लिहून घ्या. कोणत्या गावच्या जत्रेत किती रात्री वाजवले, उचल किती होती, फिटली कधी, हे सगळे विचारा. माझ्या आजोबांना हे कुणी विचारले नाही. मीसुद्धा नाही.