उजनीचा मोबदला आणि बहिणींचा हिस्सा

सोलापुरात भूसंपादनाचा विषय निघाला की पहिलं नाव उजनीचं येतं. भीमेवरच्या या धरणाचं काम 1966 साली सुरू झालं आणि 1980 साली पूर्ण झालं. करमाळा, इंदापूर, दौंड, कर्जत तालुक्यांतली गावं यशवंतसागरात गेली. पळसदेवचं जुनं मंदिर पाणी ओसरलं की अजूनही दिसतं. ही कहाणी सरकार विरुद्ध शेतकरी अशी सांगितली जाते आणि ती खरीच आहे. पण मुस्लिम घरांत या मोबदल्याची आणखी एक थकबाकी आहे. तिच्याबद्दल आपण बोलत नाही.

आधी सरकारकडची बाजू पाहू. उजनीच्या काळात कायदा इंग्रजांचा, 1894 चा होता. भूसंपादन अधिकारी निवाडा करी. दर पटला नाही तर कलम 18 खाली वाढीव मोबदल्यासाठी कोर्टात जाता येई, पण मुदत आठवड्यांत मोजायची: निवाड्याला हजर असाल तर सहा आठवडे. शिवाय पैसे ‘हरकत राखून’ घेतले असतील तरच. ज्याने मुकाट्याने सही किंवा अंगठा करून रक्कम उचलली, त्याचा दरवाजा तिथेच बंद. पाणी गावाच्या वेशीशी आलेलं असताना हे बारकावे किती जणांना कोणी समजावले असतील?

1984 साली कायदा सुधारला. दिलासा रक्कम 15 टक्क्यांवरून 30 टक्के झाली आणि कलम 28-अ आलं. शेजाऱ्याला कोर्टाने वाढीव दर दिला, तर त्याच अधिसूचनेतल्या इतरांनाही तीन महिन्यांत अर्ज करून तो मागता येऊ लागला. मात्र 30 टक्क्यांचा लाभ 30 एप्रिल 1982 नंतरच्या निवाड्यांनाच मिळेल, असं सुप्रीम कोर्टाने 1989 मध्ये ठरवलं. म्हणजे ज्याचं प्रकरण त्याआधीच निकाली निघालं, तोच तोट्यात. मधल्या काळात 44 व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतूनही गेला. जमीन घेतली तेव्हा तो मूलभूत होता, धरण पूर्ण झालं तेव्हा नव्हता.

या सगळ्या लढाईत नोटीस जाई ती सातबाऱ्यावरच्या नावाला. मुस्लिम खात्यांवरही मी ‘ए.कु.मॅ.’ हा शेरा पाहिला आहे. त्याचा अर्थ एकत्र कुटुंब मॅनेजर. ही कल्पना हिंदू कायद्यातली आहे. मुस्लिम कायद्यात एकत्र कुटुंबाचा कर्ता नसतो. बाप वारला त्याच क्षणी प्रत्येक वारसाचा हिस्सा ठरतो, मग तलाठ्याकडे नोंद होवो न होवो. सूरह निसाच्या 11 आणि 12 क्रमांकाच्या आयतींत हे हिस्से आले आहेत. समजा बापामागे बायको, एक मुलगा, दोन मुली आहेत आणि मोबदला 8,000 रुपये आला. आईचे 1,000, मुलाचे 3,500, मुलींचे प्रत्येकी 1,750. 1937 च्या शरियत कायद्याने शेतजमीन वगळली होती हे खरं, पण मुंबई इलाख्यात वेगळी रूढी सिद्ध झाल्याशिवाय शेतीलाही हाच वारसा लागत आला.

प्रत्यक्षात 8,000 भावाच्या हातात पडत. वाढीव मोबदल्याचा दावाही त्याच्याच नावाने, म्हणून ती रक्कमही त्याचीच. बहिणीला सांगितलं जाई की तुझ्या लग्नात खर्च झाला, किंवा हक्कसोड पत्रावर सही कर. ती सही करते, कारण माहेर तुटायला नको असतं. नमाज-रोज्यात काटेकोर असलेली घरंही इथे सोयीस्कर विसरतात.

जुना कायदा याबाबत आंधळा नव्हता. कलम 30 खाली हिश्शाचा वाद कोर्टाकडे पाठवता येई. कलम 31 मध्ये स्पष्ट लिहिलं होतं की पैसे कोणीही घेतले तरी खऱ्या हक्कदाराला ते देण्याची त्याची जबाबदारी संपत नाही. पण त्यासाठी बहिणीला भावावर दावा लावावा लागे आणि मुदतीचा कायदा आडवा येई. 2020 मध्ये सुप्रीम कोर्टाने हिमाचलमधल्या एका निरक्षर विधवेला 1967 साली रस्त्यासाठी घेतलेल्या जमिनीचा मोबदला मिळवून दिला. कल्याणकारी राज्याने विरुद्ध कब्जाचा आधार घ्यायचा नसतो, असं बजावलं. अर्ध्या शतकाचा उशीर तिथे आड आला नाही. समोर सरकार होतं, भाऊ नव्हता.

आता सुरत-चेन्नई महामार्गाची आखणी बार्शी, उत्तर व दक्षिण सोलापूर, अक्कलकोट तालुक्यांतून झाली आहे. दर कमी म्हणून शेतकरी भांडतायत आणि त्यांनी भांडलंच पाहिजे. नोटिसा मात्र पुन्हा सातबाऱ्यावरच्याच नावांना. राष्ट्रीय महामार्ग कायद्याच्या कलम 3-एच(4) प्रमाणे हिश्शाचा वाद निघाला तर सक्षम अधिकाऱ्याने तो दिवाणी न्यायालयाकडे पाठवायचा असतो. त्यासाठी बहिणीची लेखी हरकत पैसे वाटण्याआधी त्या कार्यालयात पोहोचायला हवी. आणि त्याहून आधी, वडिलांच्या वारस नोंदीत तिचं नाव लागायला हवं.