झोपेतल्या हालचाली : प्रस्तावना

झोपेत मूल उशीवर डोके आपटू लागले, की घरात पहिली धास्ती बसते ती आकडीची. मग कोणी नजर काढते, कोणी बाधेची शंका घेते. या विषयाकडे वळणाऱ्या वाचकाने एक गोष्ट आधी जाणून घ्यावी : लहानपणी ही हालचाल बहुतेक वेळा आजार नसतेच. १९०५ मध्ये व्हिएन्नाचे डॉक्टर त्साप्पर्ट यांनी तिला वैद्यकीय नाव दिले. पुढे स्वीडनमधल्या मुलांची वर्षानुवर्षे पाहणी झाली. त्यात नऊ महिन्यांची निम्म्याहून अधिक बाळे डोके आपटताना, मान घुसळताना किंवा अंग झुलवताना आढळली. पाचव्या वर्षी जेमतेम पाच टक्के उरली. डोळा लागता लागता, सेकंदाला एखाद-दुसरा झोका. झोळीचा हेलकावा बाळ स्वतःच स्वतःला देत असावे. हाक मारली की ते थांबते. हाकेने न थांबणारी, अंग ताठ करणारी हालचाल मात्र मोबाइलवर टिपून डॉक्टरांना दाखवावी.

मोठ्यांचे प्रकरण पायांचे. अंगठा वर उचलला जातो, घोटा-गुडघा दुमडतो, काही सेकंदांनी पुन्हा तेच. झोपलेल्याला पत्ता नसतो, शेजारच्याला असतो. यातल्या अनेकांना जागेपणीही संध्याकाळनंतर पायांत वळवळ जाणवते. स्वीडनच्या एकबोम यांनी १९४५ मध्ये तिचे सविस्तर वर्णन केले. शरीरातली लोहाची कमतरता हे तिचे एक मोठे कारण. हिमोग्लोबिन ठीक असूनही लोहाचा साठा आटलेला असू शकतो, म्हणून हा साठा दाखवणाऱ्या फेरिटिनची तपासणी महत्त्वाची. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातल्या निम्म्याहून अधिक स्त्रिया रक्तक्षयी आढळल्या, हे लक्षात घेतले तर हा विषय परदेशी प्रयोगशाळांपुरता राहत नाही.

भिवंडीत तर तो दाराशीच आहे. यंत्रमागावर बारा तासांची पाळी करणारा कामगार पाय दुखतात म्हणतो आणि ऐकणारा ते थकव्यावर ढकलतो. पण थकलेल्या पायांना पडून राहिल्याने आराम मिळतो. ही वळवळ पडल्यावर वाढते आणि चालल्यावर ओसरते. तिचा जोर रात्री असतो. रात्रपाळीचा माणूस नेमका तेव्हा मागांमध्ये फिरत असतो, त्यामुळे त्याला ती फारशी जाणवत नसावी. म्हणून त्याला नुसते ‘झोप कशी लागते?’ एवढे विचारून भागत नाही. सुट्टीच्या रात्री पाय कसे असतात, हेही विचारावे, आणि त्याच खोलीत झोपणाऱ्याला काय दिसते तेही.