दोन घरं, एक दार बंद

परवा रात्री पेपरची पानं सोडून घरी आलो. झोप येईना, म्हणून मोबाईलवर शंभर वर्षांपूर्वीचा जपानी मूकपट बघितला. 'रोजो नो रेइकोन', म्हणजे साधारण 'रस्त्यावरचे आत्मे'. साल 1921, दिग्दर्शक मिनोरू मुराता, कंपनी शोचिकू.

गोष्ट साधीच. शहरात नाव काढायला गेलेला मुलगा बायको-लेकीला घेऊन हात हलवत परत येतो. बाप त्याला जवळ करत नाही. त्याच भागात तुरुंगातून सुटलेले दोघे उपाशी भटकतायत; त्यांना मात्र परक्याच्या दारी दया मिळते. दोन्ही गोष्टी आलटून-पालटून दिसतात. शेवटी मुलगा बर्फात मरतो. बापाचं काम केलंय काओरू ओसानाई यांनी, तिथल्या नव्या रंगभूमीचा मोठा माणूस.

आज यात नवल वाटणार नाही. पण तेव्हा जपानी सिनेमा म्हणजे बरेचदा नाटकच, फक्त कॅमेऱ्यासमोर केलेलं. बायकांची कामं पुरुष करायचे. आपल्याकडेही 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती साळुंकेच होते की! शिवाय पडद्याशेजारी 'बेन्शी' उभा राहून गोष्ट सांगायचा, आपल्या कीर्तनकारासारखा. लोक नटापेक्षा त्याच्यासाठी यायचे. ओसानाई-मुराता मंडळींनी ठरवलं, गोष्ट चित्रानंच सांगायची आणि बाईचं काम बाईनंच करायचं.

पुढे 1 सप्टेंबर 1923 ला भूकंप झाला, तोक्यो जळालं. मग महायुद्धातले बॉम्ब. त्या काळातले बहुतेक जपानी सिनेमे गेले. हा वाचला, म्हणून तर मला आपल्या गावात बसून बघता आला.

आता आपलं बघा. इथं ना भूकंप झाला, ना बॉम्ब पडले. तरी मी ज्या साप्ताहिकात शिकलो, त्याच्या तीस वर्षांच्या फाईली किलोवर गेल्या. मला कळलं तेव्हा टेम्पो निघून गेला होता. गावातला दुष्काळ, मोर्चे, पहिली एसटी, सगळं त्यात होतं. दोष कुणा एकाला कशाला देऊ? मीही कधी एक फाईल घरी आणली नव्हती.

दिवाळीची साफसफाई येतेय. माळ्यावर जुने अंक, फोटोंच्या निगेटिव्ह, लग्नाच्या कॅसेटी निघाल्या तर रद्दीवाल्याआधी मला एक फोन करा. गाडी घेऊन मी येतो.